बोलून झाल्यानंतरचं मिनिट

२१ जून २०१८, गुरुवार. टेपांच्या नकला करून देणाऱ्या कंपनीचं बिल आलं, ३३,७८० रुपयांचं. अंदाज ३७,२०० चा दिला होता, म्हणजे ३,४२० वाचले होते. बिल मी दोनदा तपासलं आणि त्याच दिवशी चेक लिहून हातोहात पोचवला. घरी येऊन बायकोला म्हणालो, "तुझ्या बहिणीच्या नवऱ्याचे साडेतीन हजार वाचवले."

ती म्हणाली, "वाचवलेत ना? मग आता त्याला दहा वेळा ऐकवू नका."

बहिणीचा नवरा म्हणजे माझा साडू. आम्ही दोघं एकाच घरचे जावई. मी कॉमर्स शिकलो आणि एकाच कचेरीत चौतीस वर्षं काढली आहेत. तो माहितीपट काढायचा, तेही असे की त्यात कुणी बोलायचं नाही. सासूबाईंनी त्याचं नाव 'मूकपट' ठेवलं होतं. आधी ते त्याच्या पाठीमागे म्हणत, पुढे तोंडावर म्हणायला लागल्या आणि तोही ओ द्यायला लागला.

लग्नाआधी तो मुलगी बघायला आला तेव्हा मी त्या खोलीत होतो. सासऱ्यांनी विचारलं, "आपण नेमकं काय करता?"

"आवाज घेतो."

"कुणाचा?"

"जो बोलेल त्याचा."

सासूबाई आतून म्हणाल्या, "आणि कुणी बोललंच नाही तर?"

"त्याचाही घेतो," तो म्हणाला.

सगळे हसले. त्याने विनोद केलेला नव्हता, हे मला पुढे कळलं.

तो तेव्हा दुसऱ्यांच्या माहितीपटांवर ध्वनिमुद्रक म्हणून रोजावर जायचा. त्या धंद्यात एक रीत आहे. मुलाखत संपली की खोलीतल्या सगळ्यांनी एक मिनिट गप्प बसायचं आणि ध्वनिमुद्रकाने त्या गप्प खोलीचा आवाज घ्यायचा. पंखा, बाहेरचा रस्ता, भिंतीपलीकडचा नळ, जे असेल ते. पुढे जोडकामात वाक्य कापलं जातं तिथे हा आवाज भरतात, नाहीतर ऐकणाऱ्याला मध्ये खड्डा पडल्यासारखं वाटतं. म्हणजे हे मिनिट ठिगळाच्या कापडासारखं. ते कुणी बघत नाही, त्याला कुणी नाव देत नाही.

एकदा बंद पडलेल्या ओतशाळेतल्या एका म्हाताऱ्या कामगाराची मुलाखत चालली होती. संप, मालक, टाळेबंदी, सगळं त्याने घडाघडा सांगितलं. शंभरदा सांगून पाठ झालेलं. मग हे मिनिट आलं. कॅमेरावाला कॅमेरा चालूच ठेवून विडी ओढायला बाहेर गेला होता. म्हाताऱ्याने आधी कॉलर नीट केली. मग उगाच हसला. विसाव्या सेकंदाच्या सुमारास समोर माणसं आहेत हे तो विसरला. कोपऱ्यात काहीच नव्हतं, तिथे बघत राहिला. आणि पन्नासाव्या सेकंदाला, कुणी काही विचारावं आणि आपण कबूल करावं, तशी मान हलवली.

हा प्रसंग त्याने मला निदान पंधरा वेळा सांगितला असेल. दर वेळी मान हलवून दाखवायचा. "साडूबुवा, चाळीस मिनिटं तो आमच्यासाठी बोलला हो. त्याचं स्वतःचं फक्त हे एक मिनिट."

तिथून त्याचं डोकं फिरलं म्हणा किंवा ठिकाणावर आलं म्हणा. ती टेप त्याने निर्मात्याकडून मागून घेतली आणि उधार-उसनवारी करून स्वतःचा कॅमेरा घेतला. दुसऱ्यांच्या कामावर गेला की त्यांचा आवाज घ्यायचा आणि शेवटचं थोडं बोलणं व ते मिनिट आपल्या कॅमेऱ्यावर घ्यायचा. कामं नसली की स्वतः लोकांकडे जाऊन बसायचा. त्यांना दहाएक मिनिटं मनापासून बोलू द्यायचं आणि मग म्हणायचं, आता एक मिनिट खोलीचा आवाज घेतो. बोलणं घेतल्याशिवाय मिनिट येत नाही, असं तो म्हणे. नुसतं गप्प बसवलं तर माणूस फोटोला बसल्यासारखा बसतो.

१९९४ मध्ये त्याने अकरा माणसांची अकरा मिनिटं जोडून पहिला माहितीपट केला. तो परदेशातल्या एका महोत्सवात लागला. हॉलमध्ये एकोणीस जण होते, त्यातले सहा उठून गेले, ही मोजणी त्याचीच. महोत्सवाने प्रशस्तिपत्र पाठवलं. सासऱ्यांनी त्याला चौकट करून दारासमोर लावलं आणि आल्या-गेल्याला दाखवलं. अकरा मिनिटांचा तो माहितीपट मात्र त्यांनी कधी पाहिला नाही, आणि त्यानेही कधी आग्रह केला नाही.

त्यानंतर एका कलादालनाच्या जिन्याखाली, एका महाविद्यालयाच्या बोळात, एका परिषदेच्या चहाच्या टेबलाशेजारी त्याचं काम लागलं. स्टुलावर टीव्ही आणि त्यात गप्प बसलेला माणूस. जिन्याखालच्या टीव्हीचं चित्र अडकलंय असं समजून शिपायाने तो दोनदा बंद करून चालू केला. "तुमचा माणूस हलत नाही, साहेब," असं त्याने मूकपटला येऊन सांगितलं. हे सांगताना मूकपट स्वतःच हसून बेजार व्हायचा. तेव्हा त्याला हसू यायचं.

टायरच्या दुकानावरच्या दोन खोल्यांत ते राहत. घर चालवलं धाकटीने, म्हणजे माझ्या मेव्हणीने. एका रक्त तपासणाऱ्या प्रयोगशाळेत ती सकाळी साडेसहाला हजर व्हायची. आमच्याकडे जेवायला आले की म्हणायची, "माझं पोट आजारी माणसांवर चालतं, याचं गप्प माणसांवर. माझी माणसं निदान पैसे देऊन जातात."

तो खाली मान घालून म्हणे, "माझी पण काहीतरी देऊन जातात."

"मग वाण्याला दाखव ना एखादं मिनिट. तो देतो का महिन्याचं सामान बघू."

मी मोठ्याने हसायचो. एका रविवारी मात्र तो म्हणाला, बसा आज. मी बसलो. चाळीस माणसं दाखवली. पहिली दहा मिनिटं मी घड्याळ बघत होतो. मग टपाल कचेरीतून निवृत्त झालेल्या एक बाई आल्या. त्यांनी पदराचं टोक बोटाला गुंडाळलं, सोडवलं, पुन्हा गुंडाळलं, आणि अगदी शेवटी एकदम दाराकडे पाहिलं. दारात कुणी आलं नव्हतं, हे त्यांच्या तोंडावर दिसत होतं. त्या दिवशी जेवताना बायकोने दोनदा विचारलं, बरं नाही का.

त्यानंतर मी त्याची थट्टा कमी केली. त्याची एकच इच्छा होती. ही सगळी माणसं एकदा, एका खोलीत, एकत्र गप्प बसावीत. चारी भिंतींवर पडदे आणि मधे येणाऱ्यासाठी खुर्ची. अठ्ठावीस वर्षांत १,१२६ माणसं झाली होती. एका जाड वहीत त्याने प्रत्येकाचं नाव, पत्ता, धंदा आणि खोली लिहून ठेवली होती. टेपांवर मात्र नुसते आकडे.

२०१८ च्या जानेवारीत कलासंग्रहालयाचं पत्र आलं. नोव्हेंबरमध्ये मोठा हॉल देऊ, वीस पडदे देऊ. टेपा मात्र आता आमच्या कुठल्याच यंत्रावर चालणार नाहीत, त्यांच्या नकला तुम्ही आपल्या करून आणा. ते पत्र घेऊन तो आमच्याकडे धावत आला. अठ्ठावन्न वर्षांचा माणूस दोन मजले धावत चढला आणि दारात धापा टाकत उभा राहिला. बोलता येईना म्हणून पत्रच पुढे केलं. माझी बायको म्हणाली, "बसा आधी, मूकपट. पाणी घ्या." धाकटीला फोनवर हे कळलं तेव्हा ती प्रयोगशाळेतच रडली म्हणे, आणि मग सगळ्यांना सांगितलं की डोळ्यात काहीतरी गेलं.

टेपा होत्या ३१८, आमच्याच न्हाणीघरावरच्या माळ्यावर. त्यांच्या खोल्या गळायच्या म्हणून मीच ठेवून घेतल्या होत्या. बऱ्याच टेपांना बुरशी धरली होती. मी चौकशी केली, तीन कंपन्यांचे दर मागवले, सगळ्यात रास्त कंपनी मिनिटाला तीन रुपये घेणार होती. खर्च निम्मा मी, निम्मा त्याने करायचा असं ठरलं. त्याच वेळी त्याला बाहेरगावी एका कारखान्याच्या सुरक्षेच्या चित्रफितीचं काम लागलं, मे ते जून अखेर. नाही म्हणणं परवडणारं नव्हतं. मी फोन केला, "कंपनीचा फॉर्म आहे, सहा कलमं आहेत. वाचून दाखवू का?"

"तुम्हीच बघा हो. फॉर्म म्हटलं की मी भलत्याच जागी सही करतो. तुमचा हात त्यावर बसलेला आहे."

मला बरं वाटलं. त्याच्या कामात माझा काही उपयोग व्हावा अशी पहिलीच वेळ होती.

चौथं कलम असं होतं: आवाज नसलेला भाग वगळावा का? वगळलेल्या भागाची आकारणी होणार नाही. मी 'होय'वर खूण केली. माझ्या डोळ्यासमोर टेपेच्या शेवटी उरलेला कोरा भाग आला. कोऱ्या भागाचे पैसे कोण देईल? त्या टपाल कचेरीतल्या बाई मी पाहिल्या होत्या. पण त्यांच्या मिनिटाला आवाज नसलेला भाग म्हणतात, हे माझ्या मनाला शिवलं नाही. तिथे तर माणूस होता.

सहावं कलम: मूळ टेपा परत हव्यात की नष्ट कराव्यात? परतीचा खर्च ग्राहकाचा. बिल चुकतं झाल्यापासून आठ दिवसांत कार्यवाही होईल. बुरशीच्या टेपा परत आणून ठेवायच्या कुठे? 'नष्ट'वर खूण केली.

१ जुलैला, रविवारी सकाळी तो आला. आदल्या दिवशीच गावाहून परतला होता. येताना दाढी करून, इस्त्रीचा सदरा घालून आला. मी कपाटातून नकलांची डिस्क काढून दिली. माझ्याच टेबलावर, माझ्याच संगणकावर त्याने ती लावली. वही मांडीवर घेतली. पहिला ओतशाळेतला म्हातारा. संप, मालक, टाळेबंदी. आवाज इतका स्वच्छ आला होता की तो हरखला. "काय काम केलंय, साडूबुवा!" म्हणाला. म्हातारा बोलायचा थांबला आणि लगेच एक सुईण बोलायला लागली.

तो म्हणाला, "पुढे गेलं वाटतं."

मागे नेलं. पुन्हा तेच. म्हातारा, की सुईण. सुईण, की लिफ्ट चालवणारा. मधे काहीच नाही. त्याने दुसरी फाईल उघडली, मग तिसरी. मी मागे उभा होतो. मी मोजत नव्हतो, पण तीसेक तरी उघडल्या असतील. सगळे बोलत होते, आणि बोलणं संपलं की नाहीसे होत होते. टपाल कचेरीतल्या बाई म्हणाल्या, "एवढंच. आणखी काय सांगू?" आणि त्यांच्या जागी एक ट्रकवाला आला.

मी कंपनीला फोन लावला. रविवार असूनही तिथल्या तंत्रज्ञ बाईंनी उचलला. चांगल्या बोलल्या. "यंत्रच करतं ते, साहेब. बोलणं थांबलं की तो भाग उचलून टाकतं. तुमच्या फॉर्मवर होय आहे."

"आणि टेपा?"

"त्या शुक्रवारी गेल्या. तुमचं पेमेंट लगेच आलं ना, म्हणून लवकर झालं. एरवी लोक महिना-महिना लावतात."

मी आयुष्यात एकही बिल उशिरा दिलेलं नाही.

फोन ठेवला आणि समोरच्या कागदावर नकळत भागाकार केला. ३,४२० भागिले तीन. १,१४०. त्याची वही सांगत होती १,१२६. बाकीची चौदा मिनिटं खरोखरच कोरी असतील.

त्याने कागद पाहिला. आकडा ओळखला. मला वाटलं आता हा माझी गचांडी धरेल, आणि धरली असती तर बरं झालं असतं. तो म्हणाला, "चूक माझीच. मीच कुठे टेपांवर लिहून ठेवलं होतं?" मग वही बंद केली, खुर्ची टेबलाखाली नीट सरकवली आणि चपला घालून गेला. डिस्क तिथेच राहिली.

बोलायला धाकटी आली, संध्याकाळी. दारातूनच सुरू झाली. "भाऊजी, अठ्ठावीस वर्षं मी लोकांच्या दंडात सुया खुपसल्या. का खुपसल्या? तुम्हाला साडेतीन हजार वाचवता यावेत म्हणून?"

माझी बायको म्हणाली, "अगं, त्यांनी मुद्दाम केलं का?"

"मुद्दाम केलं असतं तर शिव्या तरी देता आल्या असत्या! आता काय देऊ?" आणि मग एकदम खाली बसून म्हणाली, "मी एकदाही सगळी पाहिली नाहीत गं. म्हटलं, लागतील तेव्हा खुर्चीत बसून बघू."

ती अकरा मिनिटं तेवढी शिल्लक होती, पहिल्या माहितीपटातली. म्हातारा त्यात होता. १,११५ गेली.

ऑगस्टपासून आम्ही दोघं वही घेऊन हिंडलो. मी रजा काढली. पुन्हा मिनिटं घ्यायची असं मीच म्हणालो होतो, तो नुसता बरोबर आला. पत्ते जुने. टपाल कचेरीतल्या बाई चार वर्षांपूर्वी वारल्या होत्या. सुईणीच्या घराच्या जागी वाहनतळ झाला होता. वहीतल्या पहिल्या दोनशे नावांत आम्हाला सतरा जिवंत माणसं सापडली. लिफ्ट चालवणारे गृहस्थ खुशीने बसले. बोलणं झालं, मिनिट सुरू झालं आणि त्यांनी कॅमेऱ्याकडे बघून हलकं हसू धरलं ते पूर्ण साठ सेकंद धरून ठेवलं. झाल्यावर म्हणाले, "बरं आलं ना? नातवाला पाठवाल? तो टाकेल सगळीकडे."

बाहेर आल्यावर मूकपट म्हणाला, "यांना आता माहीत झालंय."

"काय?"

"कसं दिसायचं ते."

सगळ्या सतरा जणांचं तसंच झालं असं नाही. दोघं जण मधेच झोपी गेले, एकीचा फोन वाजला. मग एका दाराशी एक बाई भेटल्या. त्या ट्रकवाल्याची मुलगी. वडील नाहीत म्हणाल्या. मी त्यांना डिस्कवरचा वडिलांचा आवाज ऐकवला. अठरा मिनिटं, एक शब्दही गळलेला नाही. त्या ओठावर हात ठेवून ऐकत राहिल्या आणि त्याचा हात धरून म्हणाल्या, "तुमचे उपकार कसे फेडू? माझ्या बापाचं सगळं जपून ठेवलंत तुम्ही."

तो म्हणाला, "थोडं राहिलं."

"काय राहिलं? सगळं तर आहे."

खाली उतरल्यावर त्याने वही माझ्या पिशवीत टाकली आणि म्हणाला, पुरे.

संग्रहालयाच्या बाईंना सगळं सांगावं लागलं. त्या हळहळल्या, आणि मग म्हणाल्या, हॉल तर ठरलेला आहे, पत्रिका छापायला गेल्यात. मग ही बोलणीच लावू या का? बोलणारी हजार माणसं, हेही काही कमी नाही. मला वाटलं तो नाही म्हणेल. त्याने धाकटीकडे पाहिलं. तो म्हणाला, "लावा."

प्रदर्शन चाललं. अगदी खूप चाललं. वीस पडद्यांवर माणसं बोलत होती, लोक कानाला यंत्र लावून उभे होते, हसत होते, डोळे पुसत होते. वर्तमानपत्रात अर्धं पान आलं. मूकपटला आयुष्यात कधी एवढी माणसं भेटली नव्हती. तो दाराजवळ उभा राहून सगळ्यांना नमस्कार करत होता. सासूबाईंना चाकाच्या खुर्चीतून आणलं. त्या म्हणाल्या, "बघा, बोलायला लागलात की नाही! हे आधीच केलं असतंत तर?" तो त्यांच्या पाया पडला आणि म्हणाला, "उशीर झाला, आई."

हॉलमध्ये इतका गोंगाट होता की मधल्या खुर्चीत कुणी बसत नव्हतं. ती शेवटी भिंतीला लावून ठेवली.

डिसेंबरमध्ये त्याने कॅमेरा विकला. माइक कुणी घेईना, तो तसाच आहे. आता घरी बसून कंपन्यांच्या बैठकांची ध्वनिमुद्रणं ऐकून टंकून देतो. सहा वर्षं झाली. धाकटी निवृत्त झाली. आम्ही एकमेकांकडे जातो, जेवतो. तो माझ्याशी नीट बोलतो, हवा-पाण्याचं, तब्येतीचं, मी पुढच्या वर्षी नोकरीतून सुटणार त्याचं. बोलण्यात खंड पडू देत नाही. मी गप्प झालो की लगेच काहीतरी विचारतो. पूर्वी आम्ही दोघं तासन्‌तास न बोलता बसायचो, ते आता होत नाही. एकदा मी माफी मागायला सुरुवात केली तर म्हणाला, "सोडा हो साडूबुवा, चहा घेणार का?" पुन्हा मी तो विषय काढलेला नाही.

प्रदर्शनाला तिकीट होतं, वीस रुपयांचं. शेवटच्या दिवशी मी गेलो तेव्हा माझ्याकडे सुटे नव्हते, त्याने खिडकीवर भरले. ते वीस द्यायचे राहिले आहेत.